सोमनाथपूरचं कणीस: एका लेखाचं प्रकरण

पार्श्वभूमी

आमचं इतिहास मंडळ दक्षिण महाराष्ट्रातल्या एका तालुक्याच्या गावातलं आहे. वाचनालयाच्या माडीवर दोन खोल्या. एकीत पोथ्या, दप्तरं आणि जुने कागद. दुसरीत लोकांनी आणून दिलेल्या वस्तू: जाती, पायली-शेराची मापं, थोडी तांब्याची नाणी. मंडळाचा वर्षाला एक अंक निघतो आणि त्याचं संपादन माझ्याकडे आहे. हा अंक तालुक्यातल्या हायस्कुलांत जातो, शिक्षक त्यातून प्रश्नमंजूषेचे प्रश्न काढतात. आपण छापलेली ओळ उद्या एखादी सातवीतली मुलगी पाठ करून स्टेजवर म्हणणार आहे, हे डोक्यात ठेवूनच मी प्रूफं वाचते.

ज्यांच्या लेखाचं हे प्रकरण आहे त्यांना इथे नुसतं ‘सर’ म्हणते. वय ऐंशीच्या पुढे. मला मोडी वाचायला त्यांनी शिकवलं. तालुक्यातल्या वीरगळांची आणि सतीशिळांची नोंद त्यांनी गावोगाव एसटीने फिरून केली, तीही पदरच्या पैशाने. त्यातले काही दगड आज जागेवर नाहीत. आहे ती सरांची वही. हा माणूस हवेत बोलणारा नाही, हे आधी सांगायला हवं. नाहीतर पुढचं वाचताना त्यांच्याविषयी गैरसमज होईल.

मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी अंकासाठी सरांनी बत्तीस पानी हस्तलिखित दिलं. विषय होता प्राचीन भारत आणि अमेरिका यांचा संबंध. कोलंबसाच्या कितीतरी आधी भारतीय खलाशी अमेरिकेला पोचले होते आणि येता-जाता त्यांनी पिकं, खेळ आणि देवळं बांधायची विद्या यांची देवाणघेवाण केली, असा त्यांचा सिद्धांत. सरांच्या मते तो सिद्धांत नव्हताच. ‘हा निष्कर्ष आहे’ असं त्यांनी पहिल्याच पानावर लिहिलं होतं.

अडचण

लेख चार खांबांवर उभा होता आणि चारही सारखे नव्हते.

सगळ्यात भक्कम खांब सोमनाथपूरचा. म्हैसूरपासून सुमारे ३५ किलोमीटरवर होयसळ राजा तिसरा नरसिंह याचा सेनापती सोमनाथ याने १३ व्या शतकात केशवाचं देऊळ बांधलं. त्याच्या बाहेरच्या भिंतीवरच्या अनेक मूर्तींच्या हातात एक लांबट, टोकाकडे निमुळती, दाणेदार वस्तू आहे. मका तर मूळचा अमेरिकेचा; सुमारे ९००० वर्षांपूर्वी मेक्सिकोतल्या बाल्सास नदीच्या खोऱ्यात तिथल्या लोकांनी तेओसिंते नावाच्या रानगवतापासून तो घडवला. मग कोलंबसाच्या १४९२ च्या सफरीआधी दोनशेहून अधिक वर्षं तो कर्नाटकातल्या दगडात कसा आला? हा प्रश्न सरांनी शोधून काढलेला नव्हता. कार्ल जोहानसन हे अमेरिकन भूगोलज्ञ आणि त्यांच्या सहकारी अॅन पार्कर यांनी १९८९ मध्ये ‘इकॉनॉमिक बॉटनी’ या नियतकालिकात ही कणसंच आहेत असं सविस्तर मांडलं होतं.

दुसरा खांब सारीपाटाचा. मेक्सिकोतले अझ्टेक लोक फुलीच्या आकाराच्या पटावर ‘पातोली’ नावाचा खेळ खेळत. आपण कवड्या टाकतो, ते खुणा केलेल्या घेवड्याच्या बिया टाकत. पचीशीशी, म्हणजे आपल्या सारीपाटाशी, त्याचं नातं असावं, हे इंग्रज मानवशास्त्रज्ञ एडवर्ड टायलर यांनी १८७९ मध्येच सुचवलं होतं. तिसरा खांब होंडुरासमधल्या कोपान या माया नगरीतल्या एका शिलास्तंभावरचे ‘हत्ती’. चौथा शब्दांचा: मध्य अमेरिकेतल्या ‘माया’ लोकांचं नाव म्हणजे आपला मयासुर.

शेवटचे दोन टिकणारे नव्हते. कोपानच्या त्या सोंडा मकाव जातीच्या पोपटांच्या वाकड्या चोची आहेत, असं माया कलेचे अभ्यासक मानतात. आणि दोन भाषांतले दोन शब्द कानाला सारखे लागले म्हणून लोक एक होत नाहीत. तसं असतं तर पेरू नावाचा देश आणि आपल्या परसातला पेरू यांवरूनही कुणी पुराण रचलं असतं.

मयासुराच्या पानाने मात्र मला खरोखर त्रास झाला. माया लोक संपलेले नाहीत. ग्वाटेमालात आणि युकातानमध्ये ते आजही लाखोंच्या संख्येने राहतात, माया भाषा बोलतात, मका पेरतात. त्यांच्या पूर्वजांनी बांधलेली देवळं आपण आपल्या असुराच्या नावावर लावायची? आपल्याकडच्या एखाद्या शिल्पाचं श्रेय कुणी परस्पर ग्रीकांना दिलं की आपल्याला किती लागतं! मक्याचंही तेच. ज्या शेतकऱ्यांनी रानगवताच्या बोटभर कणसापासून शेकडो पिढ्या बी निवडत निवडत आजचं कणीस आणलं, त्यांची मेहनत ‘देवाणघेवाण’ या एका शब्दात विरून जाते.

म्हणजे अडचण दुहेरी होती. लेखातला काही भाग चुकीचा, काही वादग्रस्त, आणि तो लिहिणारा माणूस असा की त्याला नाही म्हणताना जीभ रेटत नाही.

समोर असलेले पर्याय

बैठकीला आम्ही सहाजण होतो. खजिनदार म्हणाले, ‘पन्नास वर्षांचा अंक आहे, सरांचा लेख आहे, छापून टाका. वयाचा मान ठेवा.’ एका तरुण सभासदाचं म्हणणं उलटं: लेख परत करायचा, कारण आपण इतिहास मंडळ आहोत. तिसरा मार्ग नेहमीचा, खाली बारीक अक्षरात ‘लेखकाच्या मतांशी संपादक मंडळ सहमत असेलच असे नाही’ अशी ओळ टाकायची. या ओळीचा मला तिटकारा आहे. वाचकाला त्यातून काहीच कळत नाही. कुठल्या मताशी असहमत आणि का, हे सांगायचा कंटाळा त्यामागे लपतो.

लेख सरळ परत करायलाही माझं मन घेईना, आणि त्यामागे फक्त भीड नव्हती. दूरच्या खंडांत प्राचीन संपर्क होता असं म्हणणारा प्रत्येकजण चुकलेला नाही. नॉर्स लोक, म्हणजे स्कँडिनेव्हियातले जुने दर्यावर्दी, अमेरिकेला गेले होते ही शतकानुशतकं फक्त गाथांमधली गोष्ट होती. १९६० मध्ये कॅनडाच्या न्यूफाउंडलंड बेटावर लान्स ओ मेडोज इथे त्यांच्या घरांचे अवशेष सापडले, आणि तिथली लाकडं १०२१ साली तोडलेली होती हे २०२१ मध्ये सिद्ध झालं. पॉलिनेशियाचं, म्हणजे पॅसिफिक महासागरातल्या बेटांवरचं, रताळं असंच. हे दक्षिण अमेरिकेतलं पीक कुक बेटांवर युरोपीय जहाजं यायच्या कितीतरी आधीच्या थरांत जळलेल्या अवस्थेत सापडलं आहे. पॉलिनेशियन आणि अमेरिकेतले मूळ रहिवासी यांची गाठ १२०० च्या आसपास पडली होती, असं २०२० मध्ये जनुकीय अभ्यासातून पुढे आलं. तेव्हा ‘हे कसं शक्य आहे?’ असं म्हणून दार लावून घेणं मला पटत नव्हतं. शक्य असणं ही पहिली पायरी झाली. घडल्याची खूण काय, हे त्यानंतर विचारायचं.

शेवटी चौथा पर्याय ठरला: लेख जाणकाराला दाखवायचा, त्याचं मत घ्यायचं आणि मग सरांशी बसायचं. निर्णय चांगला होता. मी तो अमलात आणला तो वाईट तऱ्हेने.

काय केलं

मी लेखाची झेरॉक्स काढून मक्याच्या वाणांवर आयुष्यभर काम केलेल्या एका निवृत्त कृषिशास्त्रज्ञांना पाठवली. सरांना विचारलं नाही. मत आलं की मगच सांगू, उगाच आधी कशाला दुखवायचं, असा माझा हिशोब होता.

शास्त्रज्ञांचं उत्तर चार दिवसांत आलं. त्यांनी लिहिलं की मक्याच्या कणसावर दाण्यांच्या ओळी सम संख्येतच असतात, आठ, बारा, चौदा, सोळा, कारण कणसावर फुलं जोडीने येतात. तेव्हा ओळी मोजता येतील का ते पाहा. आणि पिकाच्या मागे पसारा असतो. दाणे चुलीजवळ सांडतात, जळतात, कोळसा होऊन हजारो वर्षं टिकतात. दाणे काढल्यावर उरणारा दांडा जळणात जातो, कचऱ्यात पडतो. उत्खननातली माती पाण्यात कालवली की असे जळके दाणे वर तरंगतात आणि जाळीत धरता येतात. दक्षिणेत इतक्या ठिकाणी हे केलं गेलं, तर १४९२ पूर्वीच्या पक्क्या थरातला निर्विवाद मका कुठे आहे? शेवटी त्यांनी एम. एम. पायक आणि जे. के. एस. सचान या भारतीय मका-शास्त्रज्ञांनी १९९३ मध्ये जोहानसन यांना त्याच नियतकालिकातून दिलेल्या उत्तराचा दाखला दिला होता. मूर्तींच्या हातातलं हे कणीस नसून ‘मुक्ताफळ’, म्हणजे मोत्यांनी मढवलेलं कल्पनेतलं फळ असावं, अशी मांडणी या वादात झालेली आहे. होयसळ मूर्ती पाहिलेल्याला हे चटकन पटतं. मऊ दगडात मोत्यांच्या सरी कोरायची त्या कारागिरांना विलक्षण हौस. गळ्यात, कमरेला, मुकुटावर, जिथे तिथे दाणे.

हे उत्तर घेऊन मी सरांकडे गेले. काकूंनी चहा ठेवला. सरांनी पत्र दोनदा वाचलं, घडी घालून माझ्या हातात दिलं आणि म्हणाले, ‘अगं, माझी परीक्षा घ्यायची होती तर मला सांगून घ्यायचीस. मी बसलो असतो की परीक्षेला.’

एवढंच. पुढे तीन आठवडे ते मंडळात आले नाहीत.

या तीन आठवड्यांत अंक पुढे रेटता आला असता. छापखान्याचा फोन येत होता, जाहिरातदारांना तारीख दिली होती. लेख वगळून अंक काढावा असं समितीत दोघांनी सुचवलंही. मी महिनाभराची मुदत मागितली आणि सरांच्या घरी जाऊन माफी मागितली. मग म्हटलं, ‘सर, तुम्ही सोमनाथपूर स्वतः पाहिलंय का?’ त्यांनी पाहिलं नव्हतं. सगळं लेखन छायाचित्रांवरून झालं होतं. वीरगळाची एक ओळ वाचायला ऊन कलायची वाट बघत तासन् तास बसणारा माणूस यावेळी फोटोवर थांबला होता, हे त्यांचं त्यांनाच टोचलं असावं. ‘जाऊ या,’ म्हणाले. ‘पण त्या कणीसवाल्यांनाही बोलाव.’

सोमनाथपूरला

आम्ही चौघं गेलो: सर, कृषिशास्त्रज्ञ, खजिनदार आणि मी. सकाळी तिरपं ऊन पडलं तेव्हा सर चौथऱ्यावर चढले आणि देवळाला फेरी घालत प्रत्येक हात पाहू लागले. पहिल्या अर्ध्या तासात कुणी काही बोललं नाही. खरं सांगायचं तर काही मूर्तींच्या हातातली ती वस्तू पाहून मलाही वाटलं, हे कणीस नाही तर काय? ज्यांना ते कणीस दिसलं ते वेडे नव्हते.

मग ओळी मोजायचा प्रयत्न झाला. वस्तूची मागची बाजू मूर्तीच्या बोटांत आणि दगडात गेलेली. दिसतात त्या समोरच्याच ओळी. एका मूर्तीपाशी सरांनी तीनदा मोजलं आणि तीनदा वेगळा आकडा आला, कारण कडेच्या दाण्यांची ओळ धरायची की नाही हेच ठरेना. ‘म्हणजे ही कसोटी इथे लागत नाही,’ शास्त्रज्ञ म्हणाले. ‘माझ्या बाजूनेही नाही आणि तुमच्याही नाही.’ हे त्यांनी मोकळेपणाने म्हटलं, आणि मला वाटतं तिथून दोघांचं जमलं.

खजिनदार कोल्हापूरचे जावई. ते म्हणाले, ‘सर, आपल्या अंबाबाईच्या उजव्या हातात म्हाळुंग आहे, तसलं तर काही नसेल?’ सरांनी मान हलवली. ‘म्हाळुंगाची साल खडबडीत असते, त्याला असे ओळीने दाणे नसतात.’ उत्तर बरोबर होतं. पण थोड्या वेळाने तेच म्हणाले, ‘मूर्तीच्या हातात फळ असणं ही आपली जुनीच रीत, एवढं खरं. आणि हे बघ, त्या फळावरचे दाणे आणि हिच्या कमरपट्ट्याचे दाणे एकाच हाताने, एकाच मापाने कोरलेत.’ हे निरीक्षण त्यांच्या सिद्धांताच्या विरुद्ध जाणारं होतं. त्यांनी ते तिथल्या तिथे वहीत टिपलं.

दुपारी परतीच्या वाटेवर एका साध्या खाणावळीत जेवलो. पानात रागी मुद्दे आलं, म्हणजे नाचणीचा उकडलेला उंडा, आणि सोबत सारू. शास्त्रज्ञांनी उंड्यावर बोट ठेवलं. ‘सर, दुसऱ्या खंडातून आलेलं धान्य शोधायला आपण देवळात गेलो होतो, आणि ते तर इथे पानात आहे. नाचणी पूर्व आफ्रिकेच्या डोंगराळ भागातली. तिची रानटी बहीण अजून तिथेच उगवते.’

सरांनी हातातला घास तसाच ठेवला. ‘आणि जोंधळा?’

‘तोही आफ्रिकेचा. पूर्व सुदानकडचा. बाजरी सहारा वाळवंटाच्या दक्षिण कडेची. जोंधळा आणि बाजरी आपल्याकडे इसवी सनापूर्वीच्या दुसऱ्या सहस्रकात पोचल्या होत्या. जळके दाणे सापडलेत, थर माहीत आहेत. नाचणीचे जुने दाणे ओळखण्यावरून मात्र आमच्यात अजून वाद आहेत.’

परतीच्या प्रवासात सर झोपले नाहीत. अरबस्तानच्या किनाऱ्याने की थेट समुद्रातून, कुणी आणलं, आधी काय आलं, असं विचारत राहिले.

निष्पत्ती

सरांनी बत्तीस पानांतली चौदा स्वतः काढून टाकली. मयासुर गेला, कोपानचे हत्ती गेले. मी काही म्हटलं नव्हतं. त्यांनी आणून दिलेल्या प्रतीत ती पानं नव्हतीच. सारीपाटाचा भाग दोन परिच्छेदांवर आला. पट, सोंगट्या आणि दान टाकायचं काहीतरी, एवढ्या साहित्यातून माणसं वेगवेगळ्या ठिकाणी सारखाच खेळ रचू शकतात, हा टायलर यांच्यानंतर पुढे आलेला आक्षेपही त्यांनी तिथेच मांडला.

मक्याचा भाग त्यांनी ठेवला. मत सोडलं नाही, आणि सोडावं असा आग्रह मी धरला नाही. मी एकच गोष्ट मागितली: काय सापडलं, किंवा काय सापडलं नाही, तर तुम्ही हे मत सोडाल, ते लिहा. सरांनी लिहिलं, ‘होयसळकालीन किंवा त्याआधीच्या वस्तीच्या पाच-सहा ठिकाणी माती नीट चाळूनही मक्याचा दाणा मिळाला नाही, तर मी ही शिल्पं मुक्ताफळाची मानीन.’ लेखातली ही ओळ मला सगळ्यात मोलाची वाटते. त्याआधी त्यांचा सिद्धांत कशानेच खोटा ठरणारा नव्हता. पुरावा मिळाला नाही की ‘अजून मिळायचाय’ एवढंच उत्तर असे.

वगळलेल्या चौदा पानांच्या जागी त्यांनी भाकरीवर लिहिलं. जोंधळा-बाजरीचा आफ्रिकेपासूनचा प्रवास. इजिप्तच्या बेरेनिके बंदरात सापडलेला साडेसात किलो काळी मिरीने भरलेला भारतीय रांजण. पाँपेईत १९३८ मध्ये मिळालेली भारतीय हस्तिदंती बाहुली आणि तिच्याशी नातं सांगणाऱ्या आपल्या तेर-भोकरदनच्या मूर्ती. कोल्हापूरच्या ब्रह्मपुरीत मिळालेला ग्रीक समुद्रदेव पोसायडनचा छोटा कांस्य पुतळा. माझ्या मते गेल्या दहा वर्षांतलं त्यांचं हे सगळ्यात चांगलं लेखन.

अंक दोन महिने उशिरा निघाला. एका जाहिरातदाराने पैसे परत घेतले. एका वाचकाचं रागावलेलं पत्र आलं, की पूर्वजांचा पराक्रम तुम्ही कापून टाकलात. त्याला उत्तर सरांनीच लिहिलं: बंदरांवरचा व्यापार हाही पूर्वजांचाच, आणि त्याला दगडामातीची साक्ष आहे.

वेगळं काय करता आलं असतं

झेरॉक्स पाठवण्याआधी मी विचारायला हवं होतं. ते तीन आठवडे टळले असते, आणि एका म्हाताऱ्या माणसाला आपण विद्यार्थ्यांसमोर नापास झालो असं वाटलं नसतं. आता अंकाला लेख देतानाच लेखकाला सांगतो की तो कुणाला दाखवला जाईल, आणि शक्यतो नाव त्यालाच सुचवायला लावतो.

दुसरं, आम्ही सगळे पर्याय लेखाबद्दल बोललो: छापावा, परत करावा, टीप टाकावी. दावे सुटे करून प्रत्येकाचं वजन वेगळं मोजावं हे पहिल्या बैठकीत कुणालाच सुचलं नाही. एकाच लेखात पोपटाच्या चोची आणि सोमनाथपूर एकत्र बांधल्यामुळे आधी सगळंच हास्यास्पद वाटलं, आणि सोमनाथपूरला गेल्यावर तासभर सगळंच खरं वाटायला लागलं. आणि देऊळ पाहायला जाणं ही पहिली पायरी हवी होती, ती तिसरी ठरली. खर्चाचं कारण होतं, पण उशिराने झालेलं नुकसान त्याहून जास्त निघालं.

एक गोष्ट अजून सुटलेली नाही. मंडळाच्या वस्तूंच्या खोलीत आम्ही आता काचेच्या पेटीत जोंधळा, बाजरी, नाचणी आणि मका यांची कणसं ठेवली आहेत, मुलांना हात न लावता पाहता यावीत म्हणून. प्रत्येकाखाली चिठ्ठी: मूळ कुठलं, इकडे कधी आलं. मक्याच्या चिठ्ठीवर मी ‘१४९२ नंतर’ असं लिहिलं. सरांनी ते वाचलं, खोडलं नाही; खिशातून पेन्सिल काढून खाली बारीक अक्षरात ‘माती चाळणे बाकी’ असं लिहिलं. ती चिठ्ठी नव्याने टाईप करायची की तशीच राहू द्यायची, हा विषय पुढच्या बैठकीत आहे. माझं मत तशीच राहू द्यावी असं आहे.